सणाचा कुगेल
(वर्धापनदिनी केलेले भाषण)



दर वर्धापनदिनाला कोणीतरी एक पदार्थ सांगायचा, हा आपल्या मंडळाचा रिवाज. यंदा चिटणीसबाईंनी मला धरले. माझे शिक्षण सातवीपर्यंतचे, चारचौघींत बोलायची सवय नाही. पण पदार्थ हातचा आहे म्हणून उभी राहिले.

आम्ही बेने इस्राएल. आमचे पूर्वज कोकणात तेलाचे घाणे चालवीत आणि शनिवारी घाणा बंद ठेवीत, म्हणून लोक आम्हांला 'शनिवार तेली' म्हणत. आमचे नवे वर्ष भाद्रपद-आश्विनाच्या सुमारास येते. जुन्या बायका त्याला 'नव्याचा सण' म्हणत. त्याचे आमचे गोड म्हणजे चिकाचा हलवा. गहू भिजवायचे, वाटायचे, त्यांचा चीक नारळाच्या दुधात साखर घालून घोटायचा. गाईचे दूध नाही, तूप नाही. मटणाच्या जेवणात दुधाचा पदार्थ आमच्या धर्मात चालत नाही. हा हलवा एकटीचे काम नव्हे. दंड भरून येतात. पूर्वी आमच्या घरी चौघी जावा-नणंदा आळीपाळीने घोटायच्या. 1948 साली इस्राएल देश झाला आणि नंतरच्या वर्षांत आमची पुष्कळ माणसे तिकडे गेली. आता घरात मी आणि सासूबाई.

माझी धाकटी नणंद अश्दोदला असते. तिची सून पोलंडकडच्या यहुदी घराण्यातली, तिच्याकडून कुगेल आमच्याकडे आला. कुगेल म्हणजे गोळा. पूर्वी तो गोल भांड्यात होई. शब्बाथला, म्हणजे शुक्रवारच्या दिवेलागणीपासून शनिवारच्या रात्रीपर्यंत, चूल पेटवायची नाही. म्हणून तिकडच्या बायका शुक्रवारीच भांडे भट्टीत ठेवीत आणि दुसऱ्या दिवशी ऊन ऊन वाढीत. नव्या वर्षाला त्यांच्यात गाजराचा मान मोठा, कारण त्यांच्या यिद्दिश बोलीत गाजर आणि 'वाढो' यांना एकच शब्द आहे.

सासूबाईंनी आधी नाक मुरडले. "सोपे गोड घरात शिरले की हलवा गेलाच म्हणून समज," म्हणाल्या. मग एक वडी तोंडात टाकली आणि म्हणाल्या, "अगं, हे तर काकडीचे धोंडस!" खरेच आहे ते. आपल्या कोकणातही काकडी किसून, गूळ घालून, पातेल्याच्या खाली-वर निखारे ठेवून धोंडस भाजतातच की.

आता कृती. गाजरे पाव किलो, रताळी पाव किलो, सफरचंदे 2. या सणाच्या वेळी वाशीच्या फळबाजारात हिमाचलची सफरचंदे भरपूर असतात. जरा आंबट बघून घ्यावीत. सगळे किसावे. सफरचंद शेवटी किसून लगेच लिंबू पिळावे, नाहीतर काळे पडते. त्यात 3 फेटलेली अंडी, पाऊण वाटी साखर, अर्धी वाटी तेल, एक वाटी मैदा, मूठभर मनुका, चमचाभर दालचिनीची पूड आणि चिमूटभर मीठ. तेल लावलेल्या पसरट भांड्यात दोन बोटे जाडीचे थापावे आणि 180 अंशांवर पाऊण ते एक तास भाजावे. कडा तांबूस झाल्या, सुरी घातली ती कोरडी निघाली, की झाले. गरम असताना कापू नये, भुगा होतो. भट्टी नसेल तर जाड पातेल्यात वाळू तापवून, त्यावर तिवई ठेवून, झाकण घालून मंद आचेवर करावा; वेळ जास्त लागतो आणि वरून रंग कमी येतो.

ज्या भगिनी अंडी खात नाहीत त्यांच्यासाठी मी मैद्याऐवजी भाजलेला तांदळाचा रवा घेते आणि अंड्यांऐवजी वाटीभर नारळाचे दूध घालून तासभर भिजू देते. हा थोडा मऊ होतो, पण मला तर हाच अधिक आवडतो. आज मागच्या टेबलावर दोन्ही ठेवले आहेत. केळीच्या पानावरचा तो बिनअंड्याचा.

सासूबाईंची धास्ती मात्र मला पटलेली आहे. म्हणून कुगेल मी करते, पण हलवा सोडलेला नाही. गेल्या वर्षी शेजारच्या दोघी घोटायला आल्या आणि सासूबाई पाटावर बसून "हात थांबवू नका गं" म्हणून ओरडत होत्या. यंदाही सणाच्या आदल्या दिवशी दुपारी 2 वाजता कढई चढवू. ज्यांना यायचे असेल त्यांनी जाताना माझ्याकडे नाव द्यावे, म्हणजे तेवढे नारळ आणून ठेवीन.