‘वितंडा’ शब्दाचा मूळ अर्थ

स्वामीजींच्या आज्ञेने एका शब्दाचा विचार सभेपुढे मांडतो. मठातील वाक्यार्थसभा ऐकून पुष्कळ भाविक म्हणतात, “हा पंडितांचा वितंडवाद; आम्हा प्रापंचिकांना त्याचे काय?” ज्या शब्दाने सभेला असे बाजूस सारले जाते, तो मुळात सभेचाच पारिभाषिक शब्द आहे.

‘तड्’ म्हणजे आघात करणे. जिच्या योगे परपक्षावर आघात होतो ती वितंडा, अशी तिची व्युत्पत्ती सांगतात. न्यायशास्त्रात कथेचे, म्हणजे शास्त्रीय चर्चेचे, तीन प्रकार आहेत. तत्त्वनिर्णयासाठी चालतो तो वाद. जयासाठी तो जल्प. आणि स्वपक्ष न स्थापता केवळ परपक्षाचे खंडन ती वितंडा. शास्त्राने वाद आणि वितंडा वेगळ्या ठेवल्या. मराठीने त्यांचा एकच समास करून टाकला! गौतमांनी मात्र वितंडेस त्याज्य म्हटले नाही. कोवळ्या अंकुराभोवती काटेरी फांद्यांचे कुंपण घालावे, तसा तत्त्वरक्षणार्थ तिचा उपयोग त्यांनी सांगितला. बागायती करणाऱ्यांना याहून अधिक सांगावयास नको.

परंतु खंडन करणाऱ्यास स्वतःचे काही मत आहे की नाही? असल्यास त्याने ते सिद्ध करावे. नसल्यास त्याचे कोणी का ऐकावे? ही अडचण भाष्यकार वात्स्यायनांनीच दाखविली होती. पुढे 12 व्या शतकात श्रीहर्षांनी ‘खंडनखंडखाद्या’त प्रतिपादिले की, प्रमाणांची सत्ता मान्य न करताही चर्चेत उतरता येते. बुद्धिवैभव विलक्षण खरे. पण मन तेथे विसावत नाही.

13 व्या शतकात श्रीमन्मध्वाचार्यांनी ‘कथालक्षण’ या लहानशा प्रकरणात या अडचणीतून निराळी वाट काढली. त्यांच्या मते वितंडा ही सज्जनांची इतरांशी होणारी कथा. तीत तत्त्व त्या इतरांपासून गुप्त राखलेले असते. पक्ष नसणे वेगळे आणि असलेला पक्ष अनधिकाऱ्यापुढे उघड न करणे वेगळे. पहिल्यात खंडन हेच सर्वस्व होते. दुसऱ्यात खंडन करणारा आपल्या सिद्धांतावर उभा असतो; केवळ उपहासासाठी आलेल्याच्या हाती तो देत नाही, इतकेच. श्रीजयतीर्थांनी या प्रकरणावर टीका लिहिली असून पाठशाळेत मूळ ग्रंथ तिच्यासह वाचावा, असे मला वाटते.

उद्या सायंकाळी विद्यार्थ्यांची वाक्यार्थसभा आहे. खंडन चालू असता “याचे स्वतःचे म्हणणे तरी काय?” असे आपल्या मनात आले, तर तो प्रश्न वात्स्यायनांचाच समजावा, आणि सभा संपल्यावर त्या विद्यार्थ्यास अवश्य विचारावा.