भाऊसाहेबांनी शाळेसाठी कर वाढवला
(हुडकेश्वर येथे, गावाकडून कामाला आणि शिकायला आलेल्या आपल्या लोकांच्या बैठकीत केलेले भाषण. डिसेंबर १९९८)



दादाहो, बायांनो, आणि इथे खोल्या करून शिकणाऱ्या पोट्ट्यांनो,

डॉ. पंजाबराव देशमुख यांच्या जन्माला या महिन्यात शंभर वर्षे होऊन राहिली. शहरात जागोजागी फोटोला हार पडतील. आम्ही हार आणला नाही. आम्ही त्यांची गोष्ट सांगायला उभे झालो, काहून की ती आपल्या दंडाच्या पावतीशी जुळते. कशी, ते सांगतो.

भाऊसाहेब अमरावती जिल्ह्यातल्या पापळ गावच्या शेतकऱ्याचा मुलगा. गावात पुढची शाळा नव्हती म्हणून चांदूर रेल्वे, मग कारंजा लाड, मग अमरावती, मग पुणे. आपली पोरं आज जशी एका गावची शाळा संपली की दुसऱ्या गावी जातात, तसंच. बापाने कर्ज काढून विलायतेला पाठवले. तिथून डॉक्टर आणि बॅरिस्टर होऊन आले. आता असा माणूस काय करतो? कोर्टात जातो, बंगला बांधतो. यांनी अमरावतीत पोरांसाठी वसतिगृह काढले, सगळ्या जातीच्या. १९२७ मध्ये अंबादेवीचे मंदिर अस्पृश्यांना खुले व्हावे म्हणून जो सत्याग्रह झाला, त्यात ते होते.

१९२८ मध्ये ते जिल्हा कौन्सिलचे अध्यक्ष झाले. सार्वजनिक विहिरी सगळ्यांना खुल्या केल्या. आणि शिक्षणासाठी कर वाढवला. हे जरा नीट ऐका. निवडून आलेला माणूस कर वाढवायला भितो, लोक शिव्या देतात. पण शाळा भाषणावर चालत नाही, मास्तरचा पगार लागतो. तो पैसा कुठून येईल हे ज्याने सांगितले नाही, त्याने शाळेचे नाव घेऊ नये, असे आम्हाला वाटते.

१९३० मध्ये ते मध्यप्रांत-वऱ्हाडचे शिक्षणमंत्री झाले. तेव्हा हे नागपूरच राजधानी होते. आपण जिथे बसलो तिथून सरकारचे दफ्तर काही फार लांब नव्हते. मंत्री असताना कर्ज लवादाच्या कायद्यासाठी झटले, काहून की सावकाराच्या कागदावर शेतकरी अंगठा देई आणि त्यात काय लिहिले ते त्याला कळत नसे. त्याच काळात शिवाजी शिक्षण संस्था उभी केली. पुढे घटना समितीत गेले, १९५२ पासून दहा वर्षे दिल्लीत कृषी खात्याचे मंत्री होते. १९६५ मध्ये गेले.

आम्ही त्यांना देव करून राहिलो नाही. त्यांचे काम मुख्यतः वऱ्हाडच्या शेतकऱ्याच्या पोरापर्यंत पोचले. अमरावती जिल्ह्यातच मेळघाट आहे, तिथे आपले कोरकू भाऊ आहेत. मैदानात कॉलेज निघाली, डोंगरात साधी चौथी पुरी व्हायला किती वर्षे गेली ते म्हाताऱ्यांना विचारा. हे बोलायचेच, नाहीतर आमचे भाषण खोटे.

आता पावतीचे. १९७८ साली शासनाने ठरवले की आधीपासून कसत असलेली वनजमीन कसणाऱ्याच्या नावे करायची. मग पुरावा मागितला. पुरावा कोणता? जंगलवाल्याने दंड केला त्याची पावती! ज्या कागदाने आपल्याला गुन्हेगार ठरवले तोच कागद जमिनीचा साक्षीदार झाला. पण आमच्या आज्याने ती पावती चुलीत घातली. त्याला वाटले, अपमानाचा कागद कशाला ठेवू? वाचता आले असते तर तारीख दिसली असती, गट दिसला असता. शेजारच्या घरी बाईने पावत्या पत्र्याच्या डब्यात ठेवल्या, वाचता तिलाही येत नव्हते, पण टाकल्या नाही. तिची फाईल अजून जिवंत आहे. आमची सुरूच झाली नाही.

वर १९८० चा वन संरक्षण कायदा आला आणि सगळे दिल्लीच्या परवानगीला अडकले. असे आपले लोक मध्येच लटकून आहेत.

म्हणून भाऊसाहेबांकडून आम्ही वसतिगृह आणि पैसा या दोन गोष्टी घेतल्या. आम्ही बारावीपर्यंत पोचलो ते एका खोलीत सहा जण राहून, भात आणि मिरची खाऊन. मागच्या पोरींना तेही नाही, त्यांना घरचे एकटे पाठवत नाहीत. गावाजवळ मुलींचे वसतिगृह पाहिजे, ही मागणी आपण पट्ट्याच्या मागणीसोबत एकाच निवेदनात लिहू. वेगळे लिहिले तर एक साहेब दुसऱ्या साहेबाकडे पाठवतो.

आणि गावाचा थोडा पैसा आपणही काढू. तेंदूपत्त्याच्या मजुरीतून घरटी किती, ते गावसभा ठरवेल. कोणी रागावेल. रागावू द्या.

पुढची बैठक पौर्णिमेनंतरच्या रविवारी. घरात जो कागद असेल तो आणा, फाटका, उंदराने कुरतडलेला, कसाही. पावती, समन्स, जुना सातबारा, रेशन कार्ड. ज्यांना वाचता येते ते इथले पोट्टे रात्रभर बसतील, मोठ्याने वाचून दाखवतील, आणि कोणत्या घरचा कोणता कागद ते वहीत लिहितील. कागद कोणाला देऊन टाकू नका, आम्हालाही नाही. वाचून झाला की परत डब्यात.

जोहार!