सागाची पाने गुंडाळणारी अळी



धारवाडहून कलघटगी, हळियाळ, दांडेलीच्या बाजूस निघाले म्हणजे कपाशीची काळी राने मागे पडतात व पानझडीचे जंगल लागते. या जंगलातील मानाचा वृक्ष साग. उन्हाळ्यात तो निष्पर्ण असतो आणि वळवाच्या सरी पडताच त्याला पालवी फुटते. तळहातावर चोळली असता तांबडा रंग सोडणारी ही पालवी शाळेतील मुलांनाही ठाऊक असते. नेमकी तीच एका लहानशा पतंगाला हवी असते. शास्त्रज्ञ त्यास हिब्लिया प्युरा म्हणतात. बसलेला असता तो मळकट तपकिरी दिसतो. मागील पंखांवरील नारिंगी-पिवळे पट्टे तेव्हा झाकलेले असतात.

याची एक मादी सुमारे ५०० अंडी घालते. अळी आरंभी कोवळ्या पानाचा पृष्ठभाग कुरतडते. थोडी वाढल्यावर ती पानाच्या कडेस काप घेते, तो तुकडा आपल्या रेशमी धाग्याने दुमडते आणि त्या घडीत दडून भोवतालचे पान फस्त करते. ठळक शिरा तेवढ्या उरतात. दहाबारा दिवसांत पूर्ण वाढलेली अळी धाग्याने खाली उतरून पाचोळ्याखाली कोशात जाते, व आठवड्याभरात पतंग बाहेर पडतो. मोठी धाड आली असता शांत रानात पाचोळ्यावर पडणाऱ्या विष्ठेचा आवाज झिमझिम पावसासारखा ऐकू येतो.

अशी उघडी पडलेली झाडे पाहून बांधावर साग लावलेला शेतकरी घाबरतो. झाड वाळले असे समजून कुऱ्हाड उचलणे वा मिळेल ते विष फवारणे, हे दोन्ही अविचाराचे होय. सागास पुन्हा पालवी येते. केवळ या अळीमुळे वाढलेले झाड सहसा मरत नाही. हानी होते ती वाढीची, आणि ती थोडी नव्हे. केरळ वनसंशोधन संस्थेच्या शास्त्रज्ञांनी निलंबूर येथील कोवळ्या लागवडीत केलेले प्रयोग १९८५ साली प्रसिद्ध झाले. अळीपासून राखलेल्या सागाची वाढ हेक्टरी वर्षास ६.७ घनमीटर, तर न राखलेल्याची ३.७ घनमीटर भरली. म्हणजे ४४ टक्के लाकूड अळीच्या पोटात गेले!

पावसाळ्याच्या उत्तरार्धात पानांची जाळी करणारी अळी मात्र निराळी. तिचे नाव युटेक्टोना. ती शिरांमधील हिरवा भाग खाते, पण तोपर्यंत पानांचे बहुतेक काम उरकलेले असल्याने वाढीचे नुकसान कमी होते. पाहणीस जाणाऱ्या वनरक्षकाने महिना आणि पानावरील घडी, दोन्ही नोंदवावीत. नाहीतर एकीचा दोष दुसरीवर जातो.

उंच झाडांवर विष फवारल्याने ते ओढ्यात उतरते, आणि अळ्या वेचणारे साळुंकी, कोतवाल यांसारखे पक्षी व अळ्यांवर वाढणारे परोपजीवी कीटक यांनाही बाधते. केरळात याच अळीस रोग आणणाऱ्या विषाणूचा उपयोग करून पाहिला गेला आहे. त्याने अळ्या मऊ पडून मरतात आणि इतर प्राण्यांना अपाय होत नाही. रोपवाटिकेत व बांधावरील लहान रोपांवर घड्या उघडून अळ्या हाताने वेचता येतात. मात्र पहिली धाड ओसरली म्हणून पाहणी थांबवू नये. सुमारे तीन आठवड्यांनी पुढील पिढी पंख घेऊन उठते, आणि तोवर नवी पालवी फुटलेली असते.