स्मारक चौकातलं आणि माळावरचं



स्मारक म्हटलं की आपल्या सोलापूरकरांना आधी चार हुतात्म्यांचे पुतळे आठवतात. मल्लप्पा धनशेट्टी, श्रीकिसन सारडा, जगन्नाथ शिंदे आणि अब्दुल रसूल कुर्बान हुसेन. मे १९३० मध्ये शहरात मार्शल लॉ लागला आणि १२ जानेवारी १९३१ रोजी या चौघांना येरवड्याच्या तुरुंगात फाशी झाली. रिक्षावाल्याला आपण चौकाचं नाव सांगतो. पण चौघांची नावं आपल्या घरात किती जणांना सांगता येतील? पुतळे आपणहून बोलत नाहीत. ते काम आपलं.

माझ्या लेखी दुसरं स्मारक बार्शी रस्त्यावर, नान्नजला आहे. माळढोकाचं अभयारण्य, १९७९ पासूनचं. तिथे चौथरा नाही, नुसतं गवत. माळढोकाची मादी उघड्या जमिनीवर, बहुधा एकच अंडं घालते. माळ नांगरला की तिची जागाच जाते. आज तिथे हा पक्षी दिसणं फार दुर्मिळ झालं आहे. हुतात्मे गेले, मग आपण पुतळे उभारले. माळढोकाचं तसं होऊ नये.

म्हणून एक विनंती. येत्या १२ जानेवारीला नातवंडांना चौकात न्या, चारही नावं त्यांच्याकडून म्हणवून घ्या. मग नान्नजला न्या. माळढोक नाही दिसला तरी काळवीट दिसतील. हा माळ कुणासाठी राखलाय, तेवढं मात्र सांगा.