व्हिसा नको, पण काउंटर आहेच

गेल्या महिन्यात थायलंडच्या खर्चावर एपिसोड केला होता. त्यानंतर व्हॉट्सअ‍ॅपवर एकच प्रश्न वेगवेगळ्या शब्दांत येत राहिला. "दादा, व्हिसा लागत नाही ना? मग एअरलाइनवाले रिटर्न तिकीट कशाला मागतात? त्यांचा काय संबंध?"

एकदम बरोबर प्रश्न आहे. दिसायला तर त्यांचा काहीच संबंध नाही. देश थायलंडचा, पासपोर्ट भारत सरकारचा, पैसे आपले. मग मुंबईच्या टर्मिनल २ वर ब्लेझर घातलेला आपल्याच वयाचा एक मुलगा "हॉटेल बुकिंग दाखवा" असं कोणत्या अधिकाराने म्हणतो?

तर आज त्याच्याबद्दल बोलू. कारण बिनव्हिसाच्या प्रवासात तुमची पहिली सीमा बँकॉकला नसते. ती त्या मुलाच्या काउंटरवर असते.

लासलगावच्या लोकांना हे समजवायला सोपं आहे. समजा कांद्याचा कंटेनर न्हावा शेवाहून गेला आणि पलीकडच्या बंदरात माल नाकारला. आता तो परत आणायचा, नाहीतर तिथेच फेकायचा. खर्च कोणाच्या तरी गळ्यात पडणारच. म्हणून निर्यातदार प्रतवारी इथेच करतो, रोग-कीड नसल्याचं सर्टिफिकेट इथेच काढतो. दुबईच्या बंदरात जाऊन कोणी कांदा निवडत बसत नाही.

विमान कंपनीचं अगदी तसंच आहे, फक्त कंटेनरच्या जागी आपण. १९४४ चा शिकागो करार आहे, त्यावर जगाची विमान वाहतूक चालते. त्याच्या नवव्या परिशिष्टात लिहिलंय की प्रवाशाला पलीकडच्या देशाने आत घेतलं नाही, तर त्याला परत नेण्याची जबाबदारी त्याला आणणाऱ्या कंपनीची. वर बहुतेक देशांनी आपापले दंड लावले आहेत. ब्रिटनने १९८७ मध्ये यासाठी वेगळा कायदा केला, तेव्हा दंड माणशी १,००० पौंड होता, नंतर तो २,००० झाला. भारतानेही २००० साली असा कायदा केला, अपुऱ्या कागदांवर कोणाला इथे आणलं तर प्रवाशामागे १ लाख रुपये. तो कायदा आता गेला. १ सप्टेंबर २०२५ पासून इमिग्रेशन अँड फॉरेनर्स अ‍ॅक्ट लागू झालाय, त्यात दंड ५ लाखांपर्यंत जातो आणि भरला नाही तर वाहन जप्त होऊ शकतं.

आता मी पडलो सॉफ्टवेअरवाला, म्हणून मला हे सगळं एरर हँडलिंगसारखं दिसतं. काउंटरवरच्या मुलाकडून दोन प्रकारच्या चुका होऊ शकतात. एक, ज्याला अडवायला हवं होतं त्याला सोडलं. यात कंपनीला दंड, परतीची सीट आणि वर डोकेदुखी. दुसरी, ज्याला सोडायला हवं होतं त्याला अडवलं. यात कंपनीला बहुतेक वेळा काहीच लागत नाही. तिकीट तुमचं बुडतं, सुट्टी तुमची जाते. ओव्हरबुकिंगमुळे खाली उतरवलं तर भरपाईचा नियम आहे, कागद अपुरे म्हणून उतरवलं तर त्या नियमाचा उपयोग नाही. अशा सिस्टिममध्ये शंका आली की उत्तर 'नाही' असंच येणार. तो मुलगा दुष्ट नाही हो. सिस्टिमच तशी ट्यून केली आहे.

माझ्या एका मित्राचं सांगतो. आम्ही गावचे सहा जण थायलंडला निघालो होतो. पाच जणांचं येणं-जाणं मुंबई-बँकॉक-मुंबई. सहावा जरा हौशी. तो आठ दिवस थायलंड बघून बसने मलेशियात उतरणार होता आणि क्वालालंपूरहून घरी येणार होता. क्वालालंपूर-मुंबई तिकीट होतं त्याच्याकडे, कन्फर्म. तरी काउंटरवर अडकला. का? कारण तो थायलंडमधून कधी आणि कसा बाहेर पडणार याचा कागदच नव्हता. बस तर तिथे जाऊन ठरवणार होता! रात्री दोन वाजता, मागे शंभर माणसांची लाइन, आणि हा खांबाला टेकून मोबाइलवर बँकॉक-क्वालालंपूरचं विमान तिकीट काढतोय. काढलं, दाखवलं, बोर्डिंग पास मिळाला. ते तिकीट त्याने वापरलंच नाही, बसनेच गेला. गंमत म्हणजे बँकॉकला उतरल्यावर अधिकाऱ्याने त्याला एक शब्द विचारला नाही.

मग काउंटरवाल्याला हे सगळं कळतं कुठून? दोनशे देशांचे नियम काही तो पाठ करत नाही. आयाटा ही विमान कंपन्यांची संघटना आहे, तिचा टिमॅटिक नावाचा डेटाबेस आहे. कोणे एके काळी तो छापील पुस्तक होता, आता स्क्रीनवर आहे. पासपोर्ट कुठला, जाणार कुठे, मध्ये कुठे थांबणार, किती दिवस, एवढं टाकलं की उत्तर येतं. थायलंड टाकलं तर बाहेर पडायचं तिकीट, जवळ पैसे, आणि १ मे २०२५ पासून ऑनलाइन भरायचं डिजिटल अरायव्हल कार्ड. मलेशिया टाकलं तर त्यांचं वेगळं डिजिटल कार्ड, पासपोर्ट किमान सहा महिने शिल्लक. काही देशांत याच्याही पुढची पायरी आहे. तुमचा डेटा चेक-इनच्या वेळीच तिकडच्या सरकारच्या सर्व्हरला जातो आणि 'बसवा' किंवा 'बसवू नका' असं उत्तर परत येतं. तिथे काउंटरवाल्याशी वाद घालणं म्हणजे एटीएमशी भांडणं.

आता थायलंड-मलेशिया सोडा. आपल्या भागात सगळ्यात जास्त लोक अडकतात ते नेपाळला.

पशुपतिनाथ, मुक्तिनाथची यात्रा निफाड-येवल्याकडून दरवर्षी निघते. नेपाळला भारतीयांना व्हिसा नाही, १९५० च्या करारापासून ये-जा मोकळी आहे. मंडळी आधी एकदा बसने सोनौलीवरून जाऊन आलेली असतात, तिथे कोणी फारसं विचारलेलं नसतं. पुढच्या वेळी मुलगा म्हणतो, आई-बाबा, आता विमानाने चला. सगळे आधार कार्ड घेऊन विमानतळावर. आणि तिथे कळतं की विमानाने नेपाळला जायला पासपोर्ट लागतो किंवा निवडणूक आयोगाचं मतदार कार्ड. आधार चालतं ते १५ वर्षांखालच्यांना आणि ६५ वर्षांवरच्यांना. म्हणजे बघा, ७० वर्षांची आजी आधारवर आत जाते आणि तिला सोबत म्हणून निघालेला ४२ वर्षांचा मुलगा बाहेर राहतो. आजीला एकटीला कोण पाठवणार? दोघंही घरी. मतदार कार्ड असतं हो सगळ्यांकडे, पण ते घरच्या कपाटात, आणि कपाट लासलगावात.

बसवाला विचारत नाही आणि विमानवाला विचारतो, यातच सगळं आलं. देश तोच, करार तोच. जिथे वाहतूकदाराच्या गळ्यात जबाबदारी अडकवता येते, तिथे तपासणी कडक होते.

हा खेळ सगळ्यात उघडपणे कागदावर मांडलाय अमेरिकेने. माझी एक चुलत बहीण लंडनला असते, ब्रिटिश पासपोर्ट आहे. तिला अमेरिकेला ९० दिवसांपर्यंत व्हिसा लागत नाही. ही सवलत १९८८ मध्ये ब्रिटनपासूनच सुरू झाली. पण त्यात एक अट आहे जी फार लोकांना माहीत नसते. ज्या कंपनीने अमेरिकी सरकारशी करार केलाय, त्याच कंपनीच्या विमानाने किंवा जहाजाने गेलं तरच बिनव्हिसा. करारात कंपनीने लिहून दिलेलं असतं की या माणसाला तुम्ही नाकारलंत तर आम्ही आमच्या खर्चाने परत नेऊ. उद्या तिच्या बॉसने तिला स्वतःच्या खासगी विमानात बसवून न्यूयॉर्कला न्यायचं ठरवलं आणि त्या विमानाचा करार नसेल, तर तिला रीतसर व्हिसा काढावा लागेल. म्हणजे सवलत तिच्या पासपोर्टला आहेच, पण विमानालाही आहे. वर २००९ पासून ऑनलाइन परवानगी, ईएस्टा, सक्तीची आहे आणि ती नसेल तर कंपनी बोर्डिंग पासच छापत नाही.

हे सगळं कंप्युटरच्या जमान्यातलं वाटतंय ना? माणसाला थेट 'येऊ नको' न म्हणता त्याच्या वाहनावर नियम लावायचा, ही युक्ती शंभर वर्षांहून जुनी आहे. आणि ती आपल्यावर वापरली गेली. १९०८ मध्ये कॅनडाने नियम केला की जन्मदेशातून थेट, एकाच सलग प्रवासाने, तिथेच काढलेल्या तिकिटावर येणाऱ्यालाच प्रवेश. नियमात हिंदुस्थानचं नावही नाही. पण आपल्याकडून कॅनडाला थेट जहाज सेवाच उरली नव्हती! आपण तेव्हा ब्रिटिश प्रजाजन, साम्राज्यात कुठेही जायची कागदोपत्री मुभा होती. १९१४ मध्ये बाबा गुरदित्त सिंग यांनी कोमागाटा मारू हे जहाज भाड्याने घेतलं आणि हाँगकाँगहून निघून ३७६ प्रवाशांसह व्हँकुव्हरला पोचले. दोन महिने जहाज बंदरात उभं. मोजके काही जण सोडले तर कोणाला उतरू दिलं नाही आणि २३ जुलैला जहाज परत पाठवलं. कोलकात्याजवळ बजबजला उतरल्यावर पोलिसांच्या गोळीबारात त्यातले काही मारले गेले.

आता आजचं. २१ डिसेंबर २०२३, फ्रान्समधलं वात्री नावाचं छोटं विमानतळ. लेजेंड एअरलाइन्स या रोमानियन कंपनीचं चार्टर विमान इंधन भरायला उतरलं. आत ३०३ प्रवासी, बहुतेक भारतीय. फुजैराहून निकाराग्वाला चालले होते. निकाराग्वात शिरणं सोपं, आणि तिथून पुढे अमेरिकेच्या सीमेकडे जमिनीवरून रस्ता. मानवी तस्करीच्या संशयावरून फ्रेंच पोलिसांनी विमान थांबवलं. चार दिवस माणसं विमानतळाच्या हॉलमध्ये झोपली. २६ तारखेला पहाटे २७६ जण परत आले, कुठे? आपल्या मुंबईत. त्याच महिन्याभरापूर्वी अमेरिकेने जाहीर केलं होतं की निकाराग्वाला अशी चार्टर विमानं चालवणाऱ्यांच्या मालकांना, अधिकाऱ्यांना व्हिसा देणार नाही. पुन्हा तेच, पकडायचं ते वाहनवाल्याला.

आणि इराण. ४ फेब्रुवारी २०२४ पासून इराणने भारतीयांना बिनव्हिसा केलं, विमानाने आलात तर, १५ दिवस. एजंटांनी लगेच धंदा मांडला, "इराणला चल, तिथून पुढे ऑस्ट्रेलियाला पाठवतो." मे २०२५ मध्ये पंजाबचे तीन तरुण तेहरानला उतरल्यावर पळवले गेले, घरच्यांकडे खंडणी मागितली. जूनमध्ये सुटले. असे प्रकार वाढले आणि २२ नोव्हेंबर २०२५ पासून इराणने साध्या पासपोर्टवाल्यांची सवलत थांबवली. आता ट्रान्झिटलाही व्हिसा लागतो.

म्हणून काउंटरवाल्याचा मला राग येतो, पण पूर्ण येत नाही. नोकरीच्या नावाखाली बिनव्हिसा देशात पाठवलेल्या पोराला "तुझं परतीचं तिकीट कुठंय?" हे विचारणारा तो कदाचित शेवटचा माणूस असतो. त्याच वेळी, खासगी कंपनीच्या कंत्राटी पोराला सरकारने फुकटात सीमा रक्षक केलंय आणि चुकीच्या नकाराची किंमत कोणावरच टाकलेली नाही, हे मला अजिबात पटत नाही. चुकीचं अडवलं तर तिकिटाचे पैसे परत, एवढा साधा नियम केला तरी काउंटरवरची ती मशीन थोडी नीट ट्यून होईल.

तोपर्यंत आपण काय करायचं? तिकीट काढायच्या आधी टिमॅटिकची माहिती आयाटाच्या साइटवर आणि बऱ्याच एअरलाइनच्या साइटवर स्वतः बघा. नियम महिन्यात बदलतात, मी आज सांगतोय तेही बदललेलं असू शकतं. त्या देशातून बाहेर पडायचं तिकीट खरं काढा. एजंट 'डमी तिकीट' देतात, काउंटरवर पीएनआर टाकला की ते तिथेच उघडं पडतं. मध्ये विमान बदलणार असाल तर त्या देशाचाही नियम बघा. आणि अडवलंच, तर आवाज चढवू नका, पण गप्पही बसू नका. सुपरवायझरला बोलवा. "टिमॅटिकमध्ये कुठली ओळ आहे, मला दाखवा" असं म्हणा. बऱ्याचदा तिथेच कळतं की 'शिफारस' आणि 'सक्ती' यात गोंधळ झालाय. तरी नाहीच म्हणाले तर कारण लिहून मागा, ग्राहक मंचात गेलात तर तोच कागद कामाला येतो.

एक राहिलं. काउंटर पार केल्यावर पुढे आपल्याच इमिग्रेशनचा अधिकारी बसलेला असतो, तो वेगळा. तोही थांबवू शकतो, आणि त्याचे नियम एअरलाइनचे नाहीत. त्यावर पुढच्या एपिसोडमध्ये बोलू. नेपाळला निघाला असाल तर तेवढं कपाटातलं मतदार कार्ड आत्ताच बॅगेत टाका.