शेवटचा हप्ता कोणत्या महिन्यात?

(वसंत व्याख्यानमालेतील व्याख्यानाचं शब्दांकन)



काल याच व्यासपीठावर नाट्यसंगीत झालं आणि आज गृहकर्ज. कार्यक्रम आखणाऱ्यांच्या धाडसाला दाद द्यायला हवी. (हशा) रेपो रेट, फ्लोटिंग-फिक्स्ड, घटत्या शिल्लकीवरचं व्याज हे सगळं तुम्हाला ठाऊक आहे असं धरून मी पुढे जातो. ज्यांना ठाऊक नसेल त्यांनी शेजारच्याला विचारावं. त्यालाही ठाऊक नसेल तर दोघांनी मान डोलवावी. बँकेत आम्ही तेच करायचो. (हशा)

आधी एक करा. ज्यांचं गृहकर्ज चालू आहे त्यांनी हात वर करा. बापरे, अर्धं सभागृह. आता ज्यांना हप्ता किती ते रुपयांपर्यंत पाठ आहे, त्यांनी हात वरच ठेवा. छान, कुणाचाच खाली आला नाही. आता शेवटचा हप्ता कोणत्या वर्षी, कोणत्या महिन्यात जाणार हे ज्यांना सांगता येईल तेवढेच हात राहू द्या. एक... दोन... मागे खांबापाशी एक. काकू, तुम्ही का खाली घेतलात? “कर्ज ह्यांनी काढलंय.” सहअर्जदार म्हणून सही कुणाची आहे? (हशा) मग तुम्हीही कर्जदार. अर्ध्या कर्जाच्या नव्हे, सगळ्याच.

माझी सगळी नोकरी कर्जखात्यात गेली. तिथून मी एकच हट्ट घेऊन निवृत्त झालो आणि घरचे त्याला वेड म्हणतात. कर्ज घेताना माणूस “हप्ता किती बसेल?” एवढंच विचारतो. माझं म्हणणं, त्याने तारीख विचारावी. गृहकर्जाची किंमत मुदतीत दडलेली असते आणि मुदत गुपचूप लांबू शकते.

आकडे सांगतो. लिहून घ्यायची गरज नाही, घोकून मला वैताग आलाय. ५० लाखांचं कर्ज, साडेआठ टक्के, २० वर्षं. हप्ता ४३,३९१ रुपये. पहिल्या हप्त्यातले ३५,४१७ रुपये व्याजात जातात आणि मुद्दल ७,९७४ रुपयांनी हलतं. दहा वर्षं तुम्ही इमानेइतबारे हप्ते भरलेत, म्हणजे ५२ लाखांवर रक्कम बँकेत गेली. शिल्लक किती असेल? पुढच्या रांगेतले दादा, अंदाज सांगा. “२५.” सगळे २५च म्हणतात. उत्तर ३५ लाख. निम्मं मुद्दल फिटायला चौदावं वर्ष संपत येतं. शेवटी एकूण भरणा १ कोटी ४ लाखांच्या वर जातो.

“जरा जड जातंय” म्हणून हेच कर्ज तुम्ही ३० वर्षांचं केलंत, तर हप्ता ३८,४४६. महिन्याला पाच हजाराच्या आत सुटका, आणि त्या सुटकेचे तुम्ही ३४ लाख रुपये जादा मोजता. उलट १५ वर्षं केलीत तर हप्ता ५,८४६ रुपयांनी वाढतो आणि साडेपंधरा लाख वाचतात. व्याजदर तिन्हीकडे तोच. तो पाव टक्क्याने उतरावा म्हणून आपण पाच बँकांच्या पायऱ्या झिजवतो. मुदत मात्र काउंटरवरचा मुलगा विचारतो, “काका, वीस टाकू?” आपण म्हणतो, टाक. (हशा)

ती टाकलेली वीस वीसच राहतात असंही नाही. साडेआठचे साडेनऊ टक्के झाले आणि हप्ता तेवढाच ठेवला, तर २० वर्षांची २५ वर्षं ९ महिने होतात. एका टक्क्याला पावणेसहा वर्षं! अडतिसाव्या वर्षी कर्ज घेतलेला राज्य सरकारी कर्मचारी हिशेबाने अठ्ठावन्नाव्या वर्षी, निवृत्तीच्या दिवशी मोकळा व्हायचा. आता तो पेन्शनमधून हप्ते भरत चौसष्टीला टेकणार. त्याला कळवलं कुणी? बहुतेकदा एक एसएमएस येतो: “आपल्या कर्जाचा व्याजदर बदलला आहे.” हप्ता तोच म्हटल्यावर माणूस एसएमएस पुसून टाकतो.

यापेक्षा वाईट आपण सगळ्यांनी पाहिलंय. मे २०२२ मध्ये रेपो ४ टक्के होता, फेब्रुवारी २०२३ मध्ये साडेसहा. दहा महिन्यांत अडीच टक्के. त्याआधी पावणेसात टक्क्यांनी कर्ज घेतलेल्याचा ५० लाखांवर हप्ता होता ३८,०१८ रुपये. दर सव्वानऊवर गेल्यावर ५० लाखांचं नुसतं महिन्याचं व्याजच झालं ३८,५४२. हप्त्यापेक्षा व्याज मोठं! मधल्या काळात थोडं मुद्दल फिटलेलं धरलं तरी तेच. म्हणजे हप्ता तोच ठेवला तर कर्ज कधीच संपणार नाही. अशा खात्यांवर बँकांना हप्ता वाढवावाच लागला.

१८ ऑगस्ट २०२३ ला रिझर्व्ह बँकेने परिपत्रक काढलं, त्याच्या मागे हीच पार्श्वभूमी. दर बदलताना कर्जदाराला विचारायचं: हप्ता वाढवायचा, मुदत वाढवायची की दोन्ही थोडंथोडं? फिक्स्ड दरावर जायची सोयही तेव्हा सक्तीची होती; ऑक्टोबर २०२५ पासून ती बँकेच्या मर्जीवर आहे. मुदत वाढवली तरी हप्त्यातून निदान महिन्याचं व्याज तरी निघालं पाहिजे. आणि दर तिमाहीला एक उतारा द्यायचा: आतापर्यंत मुद्दल किती गेलं, व्याज किती गेलं, हप्ते किती उरले. चांगलं परिपत्रक आहे. फक्त उरलेले हप्ते आकड्यात येतात. ‘शिल्लक हप्ते १९७’. १९७ म्हणजे कधी? सोळा वर्षं पाच महिने. हे कुणी मनात करतं का? माझी मागणी आहे, आणि ती मी प्रत्येक व्यासपीठावरून करतो, की तिथे महिना आणि साल ठळक अक्षरांत छापा. हप्त्याच्या आकड्यापेक्षा मोठ्या अक्षरांत! (टाळ्या)

टाळ्यांबद्दल आभार. हा हट्ट मला कुठून लागला ते थोडक्यात सांगतो.

नव्वदच्या दशकाच्या सुरुवातीला मी एका तालुक्याच्या शाखेत होतो. हायस्कूलमधले गणिताचे एक मास्तर आमच्याकडे यायचे. कर्ज त्यांचं दुसऱ्या एका संस्थेकडे, आमच्याकडे फक्त ठेवी. पण भांडायला त्यांना माझं टेबल आवडायचं. (हशा) दोन लाखांचं कर्ज, १५ टक्के, १५ वर्षं. एकदा माझ्यापुढे वही उघडून म्हणाले, “साहेब, मी एप्रिलमध्ये दिलेला पैसा मार्चपर्यंत कुठे असतो?” मी म्हटलं, संस्थेकडे. “मग माझ्या मुद्दलातून तो वजा का होत नाही?”

तरुणांना ठाऊक नसेल म्हणून सांगतो. तेव्हा बऱ्याच ठिकाणी व्याजाची आकारणी वार्षिक असायची. हप्ता तुम्ही दरमहा भरायचा, पण मुद्दल घटवायचं वर्षातून एकदा, ३१ मार्चला. वर्षभर तुम्ही फेडलेल्या पैशावरही तुम्हीच व्याज भरायचं. मास्तरांनी लॉगॅरिथमचं पुस्तक घेऊन हिशेब मांडला. मासिक पद्धतीने त्यांचा हप्ता २,७९९ आला असता, ते भरत होते २,८५०. १५ म्हणून सांगितलेला दर खरा १५.३७ च्या आसपास पडत होता. तेव्हा संगणक कुठला? पेन्सिल, अंदाज, पुन्हा पेन्सिल. आमच्या शाखेत हे कुणाला करता आलं नसतं, मला धरून.

फरक महिन्याला एक्कावन्न रुपयांचा. मास्तरांच्या पत्नी म्हणायच्या, एक्कावन्न रुपयांसाठी एवढा जीव का आटवता? मास्तरांचं उत्तर होतं, “दर महिन्याला त्या संस्थेच्या घरी लग्न असल्यासारखा आहेर करतोय मी. पंधरा वर्षं. एकदाही जेवायला बोलावलं नाही!” (मोठा हशा) संस्थेला त्यांनी पत्र लिहिलं. करारावर आपली सही आहे, असं चक्रमुद्रित उत्तर आलं. तेच उत्तर आणखी कितीजणांना गेलं असेल ते चक्रमुद्रणावरूनच कळतं.

मग मास्तरांनी काय केलं? दहावीचे पेपर तपासल्याचं मानधन हातात आलं की ते कर्जात भरायचे नाहीत. कारण भरलं तरी मार्चपर्यंत ते निजूनच राहणार. ते पोस्टात ठेवायचे, तिथलं व्याज घ्यायचे आणि मार्चच्या शेवटच्या आठवड्यात सगळं उचलून कर्जात घालायचे. संस्थेच्याच नियमाचा त्यांनी असा उपयोग करून घेतला. पावतीवर “मुदत कमी करावी, हप्ता नको” असं लाल शाईने लिहायचे. वहीच्या पहिल्या पानावर शेवटच्या हप्त्याचा महिना लिहिलेला. तो दर मार्चला खोडायचे आणि अलीकडचा लिहायचे. त्या पानावर इतकी खाडाखोड होती की गणिताच्या शिक्षकाचं पान वाटू नये. त्यांच्या वर्गातली मुलं आज बँकांमध्ये मोठ्या पदांवर आहेत आणि तीच वीसची तीस करून देतात, हा भाग वेगळा. मास्तरांचं घर, बरं का, नदीच्या बाजूला, पुढे अंगण, तिथे त्यांनी लावलेला हापूस...

अध्यक्षांची चिठ्ठी आली. ‘बारा मिनिटे.’ हापूस राहू द्या.

तिसऱ्या रांगेतले सीए मघापासून मान हलवतायत, ते बोलायच्या आत मीच बोलतो. हो साहेब, महागाई असते. सहा टक्के धरली तर २० वर्षांनंतरचा ४३ हजारांचा हप्ता आजच्या साडेतेरा हजारांसारखा वाटेल, कबूल. पण पगारही तेवढा वाढत राहिला तर. निवृत्त माणसाचा हप्ता महागाईने हलका होत नाही, त्याची औषधं मात्र महाग होतात. “आणि एसआयपी? बाजारात बारा टक्के मिळतात!” कुणी विचारलं? उभे राहू नका, दिसलात. कागदावर तुमचं बरोबर असू शकतं. बारा टक्क्यांची लेखी हमी कुणी दिली असेल तर मला दाखवा. साडेआठ टक्के वाचण्याची हमी मी देतो. टेबलाच्या या बाजूला बसून मी पाहिलंय, हप्ता कमी करून घेतलेला माणूस त्या फरकाची एसआयपी करीन म्हणतो आणि सहा महिन्यांनी गाडीच्या कर्जाला येतो. (हशा) मी चिडलेलो नाही. आवाजच असा आहे.

आता भराभर. २०१२ पासून बँकांना फ्लोटिंग गृहकर्जावर मुदतीआधी फेडल्याबद्दल दंड लावता येत नाही. दर वर्षी दिवाळीत एक हप्ता जादा भरा. त्या ५० लाखांच्या कर्जात २० ची १६ वर्षं ८ महिने होतात आणि दहा लाखांहून जास्त वाचतात. भरताना लिहून द्या, मास्तरांसारखं. लाल शाई ऐच्छिक. फेब्रुवारी ते जून २०२५ मध्ये रेपो पूर्ण एक टक्का उतरला तेव्हा “हप्ता कमी करून द्या” म्हणत शाखेत गेलेलेही इथे असतील. तोच हप्ता चालू ठेवला असता तर मुदत उतरली असती. असो, नावं विचारत नाही.

विमा. जरूर घ्या, पण त्याचा एकरकमी हप्ता कर्जात मिसळू देऊ नका. दीड लाखाचा प्रीमियम २० वर्षांच्या कर्जात टाकला की तीन लाखांवर जातो.

बांधकाम चालू असलेला फ्लॅट. त्यावर प्री-ईएमआय भरता ते नुसतं व्याज असतं. पूर्ण ५० लाख उचललेत आणि पझेशन दोन वर्षं लांबलं तर साडेआठ लाख गेले आणि मुद्दल जागचं हललं नाही. वीस वर्षांची मोजणी त्यानंतर सुरू. बिल्डरने दिलेली तारीख महारेराच्या संकेतस्थळावर बघा, जाहिरातीत नको.

करसवलत. जुन्या करपद्धतीत स्वतः राहत असलेल्या घराच्या व्याजावर वर्षाला दोन लाखांपर्यंत वजावट मिळते. आपल्या उदाहरणात पहिल्या वर्षाचं व्याज आहे ४ लाख २१ हजार. नव्या पद्धतीत ही वजावट नाहीच. तरी “टॅक्स वाचतो म्हणून कर्ज ठेवलंय” म्हणणारे भेटतात. तीस टक्क्यांच्या पट्टीतला माणूस दोन लाखांवर ६२,४०० वाचवायला सव्वाचार लाखांचं व्याज आनंदाने भरतो.

कर्ज घ्यायचंय त्यांच्यासाठी: ऑक्टोबर २०२४ पासून बँकेने कर्जाआधी मुख्य माहितीचं पत्रक द्यायचं असतं. त्यात प्रोसेसिंग फी वगैरे धरून वर्षाचा एकूण दर असतो. जाहिरातीतल्या दराशी तो ताडून बघा. जुनं एमसीएलआरवरचं कर्ज असेल तर रेपोवर नेण्याचा खर्च विचारा, सहसा तो काही हजारांत असतो.

शेवटचा प्रश्न त्या ताईंचा. “आमचं कर्ज मार्चमध्ये फिटलं, कागद अजून आले नाहीत.” अभिनंदन, आणि लगेच अर्ज करा. १ डिसेंबर २०२३ पासून नियम आहे: पूर्ण फेडीनंतर ३० दिवसांत मूळ कागद परत द्यायचे आणि बोज्याची नोंद उठवायची. उशीर बँकेमुळे झाला तर दिवसाला ५,००० रुपये भरपाई. अर्जाची पोच घ्या. सेर्साईवरची, म्हणजे तारणांच्या केंद्रीय नोंदवहीतली, नोंद उतरली का तेही विचारा. सातबाऱ्यावर किंवा सोसायटीच्या दप्तरी बोजा असेल तर बँकेचं पत्र घेऊन तुम्हालाच जावं लागेल. नाहीतर विकायच्या वेळी खरेदीदाराचा वकील ते शोधून काढतो. मार्च म्हणालात ना? आज मे. मग ३० दिवस उलटून गेलेत. उद्या सोमवार आहे, दहाला शाखा उघडते. अध्यक्ष उठलेच, मला बसायला हवं.