आवाज टोचणारी लेकरं

हेडफोन लावून ऐकत असाल तर आवाज जरा कमी करून घ्या, कारण आजचा विषयच आवाजाचा आहे. आवाजाचा, स्पर्शाचा आणि झोक्याचा. मी व्यवसायोपचार करते, म्हणजे ऑक्युपेशनल थेरपी. हिंगोली, सेनगाव, औंढा, कळमनुरी, वसमत, पाचही तालुक्यांतली लेकरं येतात माझ्याकडं. आणि सोबत आलेल्या आज्जीचं पहिलं वाक्य बहुतेक वेळा एकच असतं: "म्याडम, पोरगं लई हट्टी हाय."

हट्ट काय असतो? कुकरची शिट्टी झाली की कान दाबून अंगणात पळायचं. शाळेच्या शर्टाची कॉलर ओढून ओढून फाडायची. केस कापायचे म्हटलं की चौघांनी धरायचं. कोरडा भात चालतो, पण वरण कालवलं की ओकारी. काहींचं नेमकं उलटं. पडलं, गुडघा फुटला, तरी डोळ्यांत पाणी नाही. दिवसभर स्वतःभोवती गरगर फिरणार, भिंतीवर अंग टाकणार. आपल्या हिंगोलीच्या दसऱ्यात अशा लेकराला न्या. पाळण्यांची घरघर, भोंगे, भज्यांचा वास, रेटारेटी. तुम्हाआम्हाला मजा वाटते, त्याला हे सगळं एकदम अंगावर येतं. मग ते जमिनीवर लोळतं आणि चार बायका म्हणतात, वळण लावलं नाही आईनं. ती आई दुसऱ्या वर्षी दसऱ्याला येतच नाही. हे मी पाहिलेलं आहे.

शाळेत आपण पाच ज्ञानेंद्रियं शिकलो. आमच्या कामात आणखी दोन फार महत्त्वाची. एक, कानाच्या आत तोल सांभाळणारी यंत्रणा. डोळे मिटून झोक्यावर बसलात तरी वर चाललो की खाली, हे कळतं ते तिच्यामुळं. दुसरी स्नायू आणि सांध्यांतून येणारी जाणीव. जेवताना लाईट गेली तरी घास तोंडातच जातो, नाकात जात नाही! (लोडशेडिंगचा एवढा तरी फायदा.) या सगळ्या खबरा मेंदू एकत्र लावतो आणि त्यावर अंग चालतं. अमेरिकेतल्या ए. जीन एअर्स या व्यवसायोपचार तज्ज्ञ बाईंनी यालाच सेन्सरी इंटिग्रेशन म्हटलं. १९७२ साली त्यांचं यावरचं पुस्तक आलं. आपल्याकडं हा पेशा त्याच्या आधीच रुजला होता. मुंबईच्या केईएममध्ये १९५० साली कमलाबाई निंबकरांनी त्याचं शिक्षण सुरू केलं. त्या जन्मानं अमेरिकन आणि लग्नानं मराठी.

थेरपीच्या खोलीत डोकावलात तर खेळच दिसेल. टांगलेला झोका, जाड गाद्या, चढायला शिडी. लेकरू झोक्यावर पालथं पडून खालच्या रिंगा उचलतं आणि खुंटीत टाकतं. त्यात तोल, मानेचे स्नायू, नजर, हात असं सगळं एकदम कामाला लागतं. काम इतकं सोपं नको की कंटाळा येईल, इतकं अवघड नको की रडू येईल. आणि जबरदस्ती तर अजिबात नाही. लेकराला वाळूत हात घालायची भीती वाटते म्हणून त्याचा हात धरून वाळूत कोंबायचा, याला थेरपी म्हणत नाहीत.

एका हळदवाल्या बापानं मला विचारलं होतं, "पैसे घेऊन झोका खेळवता होय?" प्रश्न रास्त आहे. एका खेपेला त्याचं एसटीचं भाडं जातं आणि दिवसाचं काम बुडतं. म्हणून खरं काय ते सांगते. अमेरिकेतल्या बालरोगतज्ज्ञांच्या संघटनेनं २०१२ साली म्हटलं, या थेरपीचा पुरावा तोकडा आहे, आईबापांना तसं सांगा, आणि मुदत ठरवून फरक पडतो का ते बघा. २०१४ मध्ये तिथल्याच ३२ ऑटिस्टिक मुलांच्या एका अभ्यासात रोजच्या कामांत फायदा दिसला. पण २०२२ साली ब्रिटनमधला १३८ मुलांचा मोठा अभ्यास आला, त्यात नेहमीच्या सेवेपेक्षा वागणुकीत ठळक जास्त फरक दिसला नाही. त्यामुळं "आम्ही ऑटिझम बरा करतो" म्हणत कुणी वर्षाचं पॅकेज गळ्यात मारत असेल, तर पैसे खिशातच ठेवा.

मी पहिल्याच दिवशी वही काढते. "सेन्सरी सुधारणा" असलं मोघम काही लिहीत नाही. लिहिते ते असं: शर्ट घालून शाळेत तीन तास बसेल. न रडता केस कापून घेईल. दोन-तीन महिन्यांनी वही उघडायची. फरक नसेल तर रस्ता बदलायचा.

त्याच्याही आधी कान-डोळे तपासून घ्या. हाकेला ओ न देणाऱ्या लेकराला ऐकूच येत नसेल तर झोका काय करणार? राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रम २०१३ पासून आहे. अंगणवाडीत आणि शाळेत तपासणीला पथक येतं. आशाताईंना विचारा, जिल्हा रुग्णालयात चौकशी करा. तिथं पैसे लागत नाहीत.

घरी करण्यासारखं पुष्कळ आहे. सतत आदळआपट करणाऱ्या लेकराला ओढायला-ढकलायला काम द्या. हळदीच्या दिवसांत अर्धी भरलेली छोटी पिशवी ओट्यापासून दारापर्यंत ओढू द्या. कणीक तिंबू द्या, पाण्याची बादली धरू द्या. कुकर लावताना सांगा, आता तीन शिट्ट्या होतील, आपण मोजू. शर्टाचं लेबल कापून टाका. केस कापायला दुकान रिकामं असताना जा, मशीनऐवजी कात्री वापरायला सांगा. साडीचा झोका चालेल, पण मोठं माणूस शेजारी हवं. लेकरू पांढरं पडलं, घामेजलं, मळमळायला लागलं, तर लगेच थांबा. आणि रील बघून जड गोधड्या किंवा धान्याची पोती लेकराच्या अंगावर टाकू नका. श्वास अडकतो.

मागच्या भागावर एका मामानं विचारलं होतं, भाच्याला आवाज बंद करणारे हेडफोन घेऊ का? घ्या. वरातीत डीजेपुढं, जत्रेत, फटाक्यांच्या वेळी वापरा. दिवसभर मात्र कानावर ठेवू नका, साध्या आवाजाचीही सवय मोडते. आणि घ्यायच्या आधी त्यालाच दुकानात घालून बघू द्या. काही लेकरांना आवाज चालतो, पण कानावरचा तो दाब सहन होत नाही. मग पाचशे-हजार रुपये कपाटात जाऊन बसतात.